'नको' म्हटल्यावर काय होतं? पुण्यात नव्याने प्रेमात पडणाऱ्यांसाठी

२०१९च्या पावसाळ्यात कर्वेनगरच्या आमच्या हॉस्टेलखाली एक मुलगा रोज रात्री साडेनऊला गाडी स्टँडला लावून उभा राहायचा. अंगात रेनकोट, हेल्मेट आरशाला अडकवलेलं. शिवीगाळ नाही, आरडाओरडा नाही, नुसता उभा. हॉस्टेलच्या काकू जिन्यातून हाक मारायच्या, "अगं, बघ किती भिजतोय बिचारा. एवढं कोण करतं आजकाल?" तो बिचारा तीन आठवड्यांपूर्वीपर्यंत माझा बॉयफ्रेंड होता, आणि त्या रात्री माझ्या फोनवर त्याचे तेवीस मिस्ड कॉल पडलेले होते.

मी मूळची बार्शीची. कॉट बेसिसवर राहायचं कसं, मेसचा डबा कधी बंद करायचा, हिंजवडीची बस कुठे धरायची, हे सगळं पुण्यात आल्यावर कुणी ना कुणी शिकवलं. प्रेमात पडल्यावर काय करायचं, हे मात्र कुणी शिकवत नाही. सगळे गृहीत धरतात की येतंच. मला येत नव्हतं, त्यालाही येत नव्हतं. चुका दोघांच्या झाल्या, त्याच्या जास्त. त्यातून जे हाती लागलं ते क्रमाने लिहितेय.

१. आधी स्वतःचे तीन रकाने भरा

कोरा कागद घ्या. तीन रकाने आखा: 'चालेल', 'विचारून चालेल', 'नको'. मग सुचेल तसं भरत जा. चारचौघांत हात धरणं, स्टेटसला दोघांचा फोटो, रात्री अकरानंतर फोन, पैसे उसने देणं-घेणं, मित्रांसमोर चेष्टा, घरच्यांना सांगणं, माझी जात किंवा पगार त्याच्या ग्रुपवर जाणं, जवळीक कुठवर. शारीरिक गोष्टी यातल्या निम्म्याच असतात. माझ्या 'नको'मध्ये सगळ्यात वर काय असायला हवं होतं, तर 'भावाचा नंबर'. तो मी कधी लिहिला नाही, कारण असं कुणी करेल हेच डोक्यात नव्हतं. ब्रेकअपनंतर त्याने पहिला फोन बार्शीला माझ्या भावाला लावला.

कागद समोरच्याला दाखवायलाच हवा असं नाही. पण आपल्यालाच आपलं माहीत नसेल तर ऐनवेळी तोंडून 'बघू' निघतं, आणि 'बघू'चा अर्थ ज्याला जो हवा तो लावतो. रकाने बदलतातही. गेल्या महिन्यातलं 'चालेल' आज 'नको' होऊ शकतं, त्याचं कारण देणं लागत नाही.

२. विचारायला शिका, आणि मराठीतला नकार ओळखा

"असं विचारत बसलं की मजा जाते" हे वाक्य ऐकवणारे पुष्कळ भेटतील. विचारायला अर्ज लिहावा लागत नाही. "हात धरू का?" "थांबू का?" "हे आवडतंय ना तुला?" "आज नुसतं बोलत बसूया का?" एवढंच असतं. पहिल्यांदा जीभ अडखळते, तिसऱ्यांदा नाही अडखळत.

अडचण वेगळीच आहे. आपण मराठी माणसं तोंडावर 'नाही' म्हणत नाही. आपले नकार असे येतात: "आज उशीर झालाय." "आईचा फोन येईल." "इथे नको." "परीक्षा झाल्यावर." किंवा अंग आखडतं, नजर मोबाइलकडे जाते, हसणं थांबतं. हे सगळे नकारच. कायदाही तेच म्हणतो. भारतीय न्याय संहितेच्या कलम ६३मध्ये संमती म्हणजे शब्दांतून किंवा खुणांतून दिलेला, स्वेच्छेचा, निःसंदिग्ध होकार, आणि तोही त्या विशिष्ट कृतीपुरता. स्त्रीने अंगाने प्रतिकार केला नाही, एवढ्यावरून तिची संमती होती असं धरता येत नाही. म्हणजे खोलीवर यायला 'हो' हे खोलीवर यायलाच 'हो'.

दुसरी गोम आपल्या आग्रहाच्या संस्कृतीत आहे. आमच्याकडे पंगतीत पहिल्या 'नको'ला कुणी भीक घालत नाही. पानावर हात आडवा धरला तरी बोटांच्या फटीतून जिलबी सरकवतात, आणि वाढणाऱ्याचं कौतुक होतं. लहानपणापासून हे बघून मुलगा शिकतो की 'नको' म्हणजे 'अजून एकदा म्हण'. मुलगीही शिकते की लगेच 'हो' म्हणणं हावरटपणाचं. आग्रह पंगतीत राहू द्या. पुणेकरांवर जुना आरोप आहे की ते पहिल्या 'नको'वर विश्वास ठेवतात आणि चहाचं आधण उतरवतात. या एका बाबतीत तरी पक्के पुणेकर व्हा.

(जाता जाता: 'संमती' हा शब्द या शहराला नवा नाही. १८९१च्या संमतिवयाच्या कायद्याने मुलींचं संमतीचं वय १० वरून १२ केलं, तेव्हा टिळक विरोधात आणि आगरकर बाजूने असं पुणं पेटलं होतं. सरकारने धर्मात पडावं का, यावर रकानेच्या रकाने लिहिले गेले. ज्या मुलींबद्दल हे सगळं चाललं होतं, त्यांना मात्र फारसं कुणी विचारलं नाही.)

३. 'नको'ची किंमत किती, ते मोजा

माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची पायरी हीच. कोण किती प्रेमळ आहे ते तुम्ही 'हो' म्हणता तेव्हा कळत नाही, 'नको' म्हटल्यावर कळतं.

आमचा किस्सा सांगते. त्याला लोणावळ्याला रात्रभर राहायला जायचं होतं. मी म्हटलं, नको, मला अजून तसं वाटत नाहीये. तो म्हणाला, "ठीक आहे." आवाज चढवला नाही, काही नाही. मी मैत्रिणींना सांगितलंसुद्धा, किती समजूतदार आहे बघा. मग चार दिवस अबोला. मेसेजला निळी टिक, उत्तर नाही. पाचव्या दिवशी एक ओळ आली: "तुला माझी गरज नाही हे कळलं." मी रडले, माफी मागितली आणि लोणावळ्याला गेले. ते 'हो' मी मनापासून म्हटलं नव्हतं, चार दिवसांच्या अबोल्याने ते वसूल केलं होतं. हे समजायला मला वर्ष लागलं.

नातं नवीन असतानाच एक छोटा नकार देऊन बघा. "या रविवारी मी मैत्रिणींबरोबर आहे, भेटणार नाही." नंतर काय होतं तेवढं नुसतं पाहा. "बरं, मजा कर," असं आलं तर छान. थोडं तोंड पडलं तरी हरकत नाही, माणूस आहे. पण फुरंगटून बसणं, "मी तुझ्यासाठी काय काय केलं" ही यादी, मैत्रिणींना नावं ठेवणं, रविवारी दर तासाला फोन, असं काही दिसलं तर तुमच्या 'नको'ला दर लागलाय, आणि तो पुढे वाढत जाणार.

नकार ऐकणाऱ्यालाही दोन शब्द, कारण तेही कौशल्य आहे. "बरं" म्हणा. कारण विचारू नका, "कधी मग?" तर मुळीच नाही. विषय बदला, वडापाव खा, तिला वेळेवर घरी सोडा. वाईट वाटलं तर त्याच रात्री तिला लांबलचक मेसेज लिहू नका. मित्राशी बोला, टेकडी चढून या. वाईट वाटण्याचा हक्क तुम्हाला आहे, त्याचं बिल तिच्या नावावर फाडायचा नाही. मुलींनाही हे सगळं तसंच्या तसं लागू.

"तू सोडलंस तर मी जिवाचं काहीतरी करेन" ही धमकीही किंमतच आहे. ती हसण्यावारी नेऊ नका आणि तिच्यासाठी नात्यातही राहू नका. त्याच्या घरच्यांना किंवा रूममेटला लगेच कळवा, प्रसंग गंभीर वाटला तर ११२ लावा. १४४१६ ही टेलि-मानसची मोफत हेल्पलाइन आहे, तिथे मराठीत बोलता येतं. त्याला वाचवायला प्रशिक्षित माणसं लागतात. ते काम तुमचं नाही.

४. फोन: दोघांचे वेगळे

इथे माझा कबुलीजबाब. "आपल्यात लपवण्यासारखं काय आहे?" असं म्हणून त्याने माझा पासवर्ड घेतला हे खरं, पण तो अंघोळीला गेल्यावर त्याचा फोन पहिल्यांदा मी उघडला होता. आत काही सापडलं नाही. सापडलं नाही म्हणून मी पुन्हा उघडला. संशयाला पुरावा मिळाला नाही की तो अजून जोरात शोधतो.

आत्ता, वाचता वाचता, एवढं करून टाका:

• व्हॉट्सअॅपमध्ये 'लिंक्ड डिव्हायसेस' उघडा. ओळखीचा नसलेला लॅपटॉप किंवा ब्राउझर दिसला तर लॉगआउट. त्याच्या लॅपटॉपवर एकदा क्यूआर स्कॅन केला होता, हे आपण विसरतो.
• गुगल मॅप्समध्ये आपल्या फोटोवर बोट ठेवून 'लोकेशन शेअरिंग' पाहा. रात्री रिक्षाने येताना सुरू केलेलं कधी कधी कायमचं चालू असतं.
• गुगल खात्याच्या 'सिक्युरिटी'त कोणकोणती उपकरणं जोडलेली आहेत आणि रिकव्हरी नंबर कुणाचा आहे ते तपासा.
• यूपीआयचा पिन आणि फोनचं कुलूप एकच असेल तर आजच बदला.

लोकेशन शेअर करणं वाईट नाही. ते बंद केल्यावर भांडण होतं का, एवढाच प्रश्न.

फोटोंबद्दल एकच गोष्ट नीट लक्षात ठेवा. खासगी फोटो काढू दिला म्हणजे तो पुढे पाठवायची परवानगी दिली असं होत नाही. न्याय संहितेच्या कलम ७७मध्ये हे स्पष्ट लिहिलेलं आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६-ई तर स्त्री-पुरुष कुणालाही लागू होतं. फोटोवरून धमकी आली तर पैसे देऊ नका, एकदा दिले की मागणी थांबत नाही. cybercrime.gov.in या सरकारी पोर्टलवर तक्रार करा; पैसे गेले असतील तर ताबडतोब १९३० लावा. 'स्टॉपएनसीआयआय' या मोफत साइटवर फोटो अपलोड न करता त्याचा डिजिटल ठसा तुमच्याच फोनवर तयार होतो आणि तो वापरून फेसबुक-इन्स्टासारख्या ठिकाणी फोटो अडवता येतो. ती सोय अठरा पूर्ण झालेल्यांसाठी आहे.

५. वय, दारू, वचन: इथे चूक माफ नसते

वय. बारावी संपवून पुण्यात आलेली एफवायची मुलगी बऱ्याचदा सतराचीच असते. अठरा पूर्ण नसतील तर तिचा किंवा त्याचा होकार कायद्याला मान्यच नाही, पोक्सो (मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा कायदा) लागतो. "आमचं प्रेम होतं" हे उत्तर चालत नाही.

दारू. शुद्ध हरपलेल्या माणसाचा होकार हा होकार नाही. तिला पाणी द्या, मैत्रिणीला बोलवा.

वचन. मनात लग्न नसताना लग्नाचं आमिष दाखवून संबंध ठेवले तर न्याय संहितेच्या कलम ६९खाली दहा वर्षांपर्यंत शिक्षा आहे. दुसरी बाजूही सांगते. मनापासून ठरवलेलं लग्न पुढे मोडलं तर ते आपोआप खोटं वचन ठरत नाही, हा फरक सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात २०१९ साली स्पष्ट केलाय. तेव्हा जे ठरलेलं नाही ते ठरलंय असं बोलू नका.

६. एकत्र राहणार असाल तर

दोन सज्ञान माणसांनी लग्नाशिवाय एकत्र राहणं गुन्हा नाही. पुण्यातल्या घरमालकांना हे पटवणं हा वेगळा विषय. माझ्या एका मैत्रिणीने बाजीराव रोडवरून साठ रुपयांचं मंगळसूत्र आणून प्रश्न सोडवला होता. गंमत सोडा, पण अकरा महिन्यांच्या भाडेकरारावर दोघांचीही नावं घाला. करार एकाच्या नावावर असला की भांडणाच्या रात्री दुसऱ्याची बॅग जिन्यात असते. डिपॉझिट कुणी किती भरलं ते बँकेतून जाऊ द्या, रोखीने नको. लग्नासारख्या नात्यात एका घरात राहणाऱ्या स्त्रीला २००५च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याचं संरक्षण मिळतं, आणि मारहाणीखेरीज पैसे अडवून धरणं, सतत अपमान करणं हेही त्यात येतं.

७. संपवायचं असेल तर: एकच मेसेज

इथे सगळेच फसतात. मीही फसले.

न्याय संहितेतलं पाठलागाचं कलम ७८ (माझ्या वेळी, जुन्या दंड संहितेत ते ३५४-ड होतं) म्हणतं की स्त्रीने स्पष्टपणे अनिच्छा दाखवूनही पुरुष वारंवार संपर्क करत राहिला किंवा मागे फिरत राहिला तर गुन्हा. 'स्पष्टपणे' या शब्दावर सगळं अडतं. म्हणून लेखी लिहा, साधं लिहा: "आपलं नातं संपलं आहे. मला फोन, मेसेज करू नकोस, भेटायला येऊ नकोस." बस. "तू खूप चांगला आहेस पण", "सध्या तरी", "मित्र म्हणून राहू" असं काही जोडू नका. मी जोडलं होतं. चौकीत माझा मेसेज वाचून हवालदार म्हणाले, "मॅडम, यात तुम्ही दार उघडंच ठेवलंय."

त्यानंतर उत्तर द्यायचं नाही. बावीस फोन न उचलता तेविसावा उचललात, तर समोरच्याला कळतं की तेवीस केले की फोन उचलला जातो. शेवटची भेट हवीच असेल, वस्तू द्यायच्या असतील, तर भरदुपारी, गर्दीच्या हॉटेलात, मैत्रीण शेजारच्या टेबलवर. खोलीवर किंवा टेकडीवर नाही, अंधार पडल्यावर तर नाहीच.

आणि रागाच्या भरात चॅट डिलीट करू नका. किळस येते, कळतं. आर्काइव्हमध्ये टाका.

८. तक्रार करायची वेळ आली तर

सोबत न्यायचे कागद:

• आधार किंवा दुसरं ओळखपत्र, झेरॉक्ससह
• तारीख-वेळ-ठिकाण घालून लिहिलेला घटनाक्रम, दोन प्रती
• चॅटचे स्क्रीनशॉट. नंबर नावाने सेव्ह असेल तर नुसतं नाव दिसतं, म्हणून प्रोफाइल उघडून नंबर दिसणारा एक वेगळा घ्या
• कॉल लॉग, आणि तो 'स्पष्ट' मेसेज
• ज्यांनी पाहिलं त्यांची नावं: वॉचमन, रूममेट, टपरीवाले काका
• मूळ फोन. तो विकू नका, फॉरमॅट करू नका; कोर्टात मूळ उपकरण विचारतात
• बरोबर एक शांत डोक्याचं माणूस

पहिला खड्डा हद्दीचा. हिंजवडी-वाकड हे पिंपरी-चिंचवड आयुक्तालयात येतं, कर्वेनगर पुणे शहरात. मी राहायला इकडे, नोकरीला तिकडे, आणि तो दोन्हीकडे येणारा. एका ठिकाणी म्हणाले तिकडे जा, तिकडचे म्हणाले राहता तिथे जा. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (पोलीस आणि कोर्टाच्या कामकाजाचा कायदा) कलम १७३प्रमाणे गुन्हा कुठेही घडलेला असो, कोणत्याही ठाण्याने माहिती नोंदवून घ्यायची आहे. त्यालाच झीरो एफआयआर म्हणतात. तो शब्द उच्चारा, फरक पडतो.

दुसरा खड्डा: 'अर्ज' म्हणजे एफआयआर नव्हे, आणि एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद) तर नव्हेच. "गुन्हा रजिस्टर नंबर काय?" असं विचारा. एफआयआरची प्रत फुकट मिळते. अर्जच दिला असेल तर दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि सही घ्या. अशा गुन्ह्यांत तुमची माहिती महिला अधिकाऱ्यानेच नोंदवायची असते. नोंदवत नसतील तर तीच माहिती लेखी, पोस्टाने, पोलीस उपायुक्तांकडे पाठवा.

शारीरिक अत्याचार झाला असेल तर आधी दवाखाना. अंघोळ करू नका, कपडे कागदी पिशवीत ठेवा. सरकारी असो की खासगी, रुग्णालयाला मोफत उपचार द्यावेच लागतात. एचआयव्ही टाळण्याची औषधं ७२ तासांच्या आत, जितक्या लवकर तितकं चांगलं.

वकिलाची फी परवडत नाही म्हणून थांबू नका. शिवाजीनगर कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. स्त्रियांना तिथे उत्पन्न कितीही असो, वकील मोफत मिळतो. १५१०० ही त्याची हेल्पलाइन. त्रास ऑफिसातल्या कुणाचा असेल तर अंतर्गत समितीकडे तीन महिन्यांच्या आत लेखी तक्रार करा. कॉलेजातही अशी समिती असावीच लागते. मुलांनो, तुमचा कुणी पाठलाग करत असेल तर कलम ७८ कामी येणार नाही, पण धमकी, खंडणी, खासगी फोटो यांची कलमं तुम्हालाही आहेत. लाजून बसू नका.

माझ्या बाबतीत तिसऱ्या खेपेला एक महिला फौजदार भेटल्या. त्यांनी घटनाक्रम शेवटपर्यंत वाचला, फोन पालथा ठेवला आणि विचारलं, "तुला काय व्हायला हवंय?" त्या सगळ्या प्रकरणात मला हे विचारणाऱ्या त्या पहिल्या. मी म्हटलं, तो यायचा थांबला पाहिजे. त्याला बोलावून लेखी जबाब घेतला, आणि तो थांबला. अंगाला हात लावलाय, धमकी आहे, फोटो आहेत, असं काही असेल तर मात्र नुसत्या समजेवर भागवू नका, गुन्हाच नोंदवा.

हॉस्टेलच्या काकूंना मी त्या संध्याकाळी शिक्का मारलेली प्रत दाखवली. त्यांनी चष्मा लावून दोन्ही पानं वाचली, काही बोलल्या नाहीत, चहा टाकला. दुसऱ्या दिवशी गेटवर खडूने लिहिलेली पाटी होती: "येथे वाट पाहत उभे राहू नये. बोलावले असल्यास वर फोन करावा. बोलावले नसल्यास घरी जावे."